इस्त्री आणि शिडी

गटात एकूण चारशे बारा चित्रे होती. मी सगळी पाहिली आणि पाहता पाहता वर्गवारी केली. ठोसा लागताना दिसतो अशी एकोणचाळीस. कोपऱ्यातल्या स्टुलावर बसलेली, हाताला पट्ट्या गुंडाळणारी, गुळणी टाकणारी मिळून सत्त्याऐंशी. नुसते चेहरे सतरा. उरलेल्या दोनशे एकोणसत्तर चित्रांत दोन बॉक्सर एकमेकींच्या मिठीत होत्या. रेफरी फक्त तीन चित्रांत होता, आणि त्यातल्या दोन चित्रांत त्याची पाठ होती.

मिठीतल्या दोघींपैकी बुटकी ती माझी ताई.

बायकांच्या बॉक्सिंगवर चित्रे काढणारी मंडळी या ऑनलाइन गटात जमली होती. कोणी पेन्सिलीने काढी, कोणी टॅबवर. ताईला ते 'इस्त्री' म्हणत, कारण ती लाँड्रीत काम करते आणि समोरच्या मुलीला सपाट करते. दुसरी तिच्यापेक्षा वीतभर उंच, म्हणून ती 'शिडी'. पुढे दोन्ही नावे जोडून 'इस्त्रीशिडी' असा एकच शब्द झाला होता, आणि त्या शब्दाखाली रोज नवे चित्र पडत होते. गच्चीवर इस्त्रीशिडी. आगगाडीच्या फलाटावर इस्त्रीशिडी. एका चित्रात तर दोघींना पंख होते.

सगळ्याचे मूळ एक फोटो. गेल्या वर्षीच्या अंतिम लढतीत ताईने शिडीला क्लिंच केले, म्हणजे दोन्ही हातांनी तिचे दंड आवळून तिला जखडले, तेव्हा कोणीतरी तो टिपला. ताईचे डोके शिडीच्या खांद्यावर, शिडीची हनुवटी ताईच्या डोक्यावर, दोघींचे डोळे मिटलेले. डोळे मिटण्याचे कारण मला माहीत आहे. हेडगार्डखालून घाम ओघळून डोळ्यांत चालला होता. पण चित्रकारांनी पहिल्याच आठवड्यात हेडगार्ड काढून टाकले, केस दिसत नाहीत म्हणून. मग केसांना वारा लावला.

ती लढत ताई हरली होती.

यंदा त्याच शिडीशी तिची पुन्हा गाठ होती. जिंकेल तिला राष्ट्रीय शिबिरात जागा. लाँड्रीच्या मालकाने सुट्टीच्या अर्जावर सही करताना सांगितले होते, "ही शेवटची. यंदा नाही जमलं, तर पुढच्या वर्षी तोंड घेऊन यायचं नाही." ताईने मान हलवली आणि सही सुकण्याआधी कागद त्याच्या हातातून ओढून घेतला.

मी पदार्थविज्ञानात पदवी घेतली आहे आणि कारखान्यांतला आवाज मोजणाऱ्या एका लहानशा कंपनीत काम करते. माझ्या बॅगेत कायम एक साउंड लेव्हल मीटर असतो. त्यामुळे जिममध्ये मला सगळे 'मीटर' म्हणतात. सरावाला मी ताईबरोबर जाते. मास्तरांना तिच्या ठोशांची मोजणी करून देणे हे माझे काम.

पहिल्यांदा काहीतरी बिघडले आहे हे मला त्या मोजणीतूनच कळले. ताई बुटकी. लांब हातांच्या मुलीविरुद्ध तिची एकच रीत: मान खाली घालून आत शिरायचे, बरगडीत दोन ठेवायचे, आणि बाहेर पडताना मार बसू नये म्हणून समोरचीचे हात आवळून धरायचे. रेफरी 'ब्रेक' म्हणेल तेव्हाच सुटायचे. आत जाणे सोपे असते. बाहेर पडताना माणूस मरतो, असे मास्तर म्हणतात. गेल्या वर्षी शिडीविरुद्ध ताईने नऊ क्लिंच केले होते. या महिन्यातल्या सगळ्या सरावांत मिळून शून्य.

"धर तिला!" मास्तर दोरीबाहेरून ओरडत होते. "हात कशाला दिलेत देवानं? धर!"

ताई आत शिरली, दोन मारले आणि हात मोकळे ठेवून मागे सरली. समोरच्या पोरीचा उजवा तिच्या गालावर सणसणीत बसला. पिशवी मारत असलेल्या दोघींपैकी एकीने बोटे तोंडात घालून शिट्टी मारली.

"अगं, मिठी राहिली की!"

"ही तिची नाही, म्हणून राहिली. तिची वेगळीये."

हशा झाला. ताईने तोंडातला गार्ड काढून त्या दोघींच्या दिशेने भिरकावला. तो भिंतीवर आपटला आणि लाळेचा डाग ठेवून खाली पडला.

"उचल तो," मास्तर म्हणाले. "आणि पुढच्या वेळी ठोसा फेक. गार्ड परत विकत घ्यावा लागतो."

लाँड्रीतही तेच चालले होते. मी एकदा तिला डबा द्यायला गेले. हॉस्पिटलच्या चादरी तिथे गरम रोलरमधून जातात: दोघी ओल्या चादरीची टोके ताणून आत सोडतात आणि दोघी पलीकडून कडक चादर घेऊन घडी घालतात. ताई सोडणाऱ्यांत होती. घडी घालणारीने फोन चादरीवर ठेवून पलीकडे दाखवला.

"हे बघ, यात तुझं नाक किती सुंदर काढलंय. खरं नाक घेऊन ये बदलून."

"हात भाजेल तुझा," ताई म्हणाली.

"माझा कशाला भाजेल?"

"कारण मी चादर सोडणारे."

तिने टोक सोडले. चादर तिरकी होऊन रोलरमध्ये गुंडाळली गेली, फोनही तिच्याबरोबर ओढला गेला, आणि मशीन बंद करून तो बाहेर काढेपर्यंत त्याची काच वितळल्यासारखी सुरकुतली होती. मुकादम आला. ताईचा अर्ध्या दिवसाचा पगार कापला गेला.  संध्याकाळी माझ्याबरोबर घरचा जिना चढताना ती एकदम थांबली.

"मला कोणावर प्रेम करायचं ते मी बघेन," ती म्हणाली. "बाई असो, बुवा असो. पण ह्या शिडीवर? हिनं माझा दात पाडलाय, मीटर. मागच्या वेळी वजन करताना मला 'बुटकी बाटली' म्हणाली. आणि ते लोक तिच्या मांडीवर माझं डोकं काढतात!"

"मग क्लिंच का सोडलास?"

"धरलं की शिट्ट्या येतात. शिट्ट्या आल्या की मला ती चित्रं दिसतात. हात उचलतच नाहीत. तू मोज ना, का उचलत नाहीत ते."

मी त्या दिवशीच गटात शिरले. माझ्या खऱ्या नात्याने लिहिले: मी हिची धाकटी बहीण आहे. या चित्रांमुळे तिच्या खेळावर परिणाम होतो आहे. लढत होईपर्यंत तरी मिठीची चित्रे काढून टाकावीत, ही विनंती.

पहिले उत्तर आले ते असे: "बहीण काय, मी तिची आजी आहे."

मग रांगच लागली.

"खेळाडू लोकांसमोर खेळतो ना? मग लोक बघणार."

"आमच्यामुळे तिला चार माणसं ओळखतात. नाहीतर चादरी इस्त्री करत बसली असती."

"ती आत्ताही तेच करते," मी लिहिले.

"मग आभार मान."

शेवटी गटातली सगळ्यांत मोठी चित्रकार बोलली. तिचे टोपणनाव 'निळी शाई'. फक्त निळ्या पेनाने काढायची, आणि खरे सांगायचे तर फार चांगली काढायची. मनगटाची हाडे, दंडाचा ताण, सगळे जागच्या जागी. तिने लिहिले: "ताईचं नाव पुढे करून रडतेस कशाला? हिंमत असेल तर समोर येऊन बोल." खाली पत्ता दिला.

पत्ता दातांच्या कवळ्या बनवणाऱ्या एका प्रयोगशाळेचा होता. दुसऱ्या मजल्यावर लांबट खोली, खिडकीशी घासणीचे यंत्र, टेबलावर प्लास्टरचे जबडे ओळीने वाळत ठेवलेले. निळी शाई चाळिशीची निघाली. पांढरा अंगरखा, केसांत गुलाबी मेणाचा तुकडा अडकलेला. ती एका खालच्या कवळीची दाढ घासत होती आणि मी आल्यावरही तिने यंत्र बंद केले नाही. मी सवयीने मीटर काढला. अठ्ठ्याऐंशी डेसिबल.

"कानात बोळे घाला," मी म्हणाले. "दहा वर्षांनी बहिऱ्या व्हाल."

"भांडायला आलीस की तपासणीला?" तिने यंत्र बंद केले. "बोल."

मी क्लिंच म्हणजे काय ते सांगितले. तिने पूर्ण ऐकून घेतले, मग हातातली कवळी माझ्यासमोर ठेवली.

"हे कशासाठी असतं माहितीये?"

"चावायला."

"चूक. निम्मे लोक हसायला घेतात. बनवणाऱ्यानं काहीही ठरवू दे, वापरणारा आपल्याला हवं तेच करतो." तिने कवळी उचलून पुसली. "त्या फोटोत दोन दमलेल्या बायका एकमेकींच्या आधारानं उभ्या आहेत. मला ते दिसलं. तुला त्यात डावपेच दिसतो, तर तू डावपेच काढ."

"त्यांच्यात प्रेम नाहीये. त्या एकमेकींचा तिरस्कार करतात."

"म्हणून तर काढते. खरं असतं तर काढायला काय उरलं असतं?"

मला राग आला. मी म्हणाले की तिची एक हौस भागावी म्हणून माझ्या बहिणीने शिबिराची जागा घालवायची का. ती म्हणाली, तुम्ही बॉक्सरांच्या घरचे सगळे एकाच साच्यातले का गं?

"म्हणजे?"

"मागच्या आठवड्यात दुसरीचा भाऊ येऊन गेला. शिडीचा. तोही हेच. चित्रं काढून टाका, हिला मैदानात लाज वाटते, हात लावू देत नाही कोणाला. आरडाओरडा करून माझे दोन साचे फोडून गेला. तू निदान मोजते आहेस."

मी पायऱ्या उतरेपर्यंत याच वाक्याचा विचार करत होते. हात लावू देत नाही कोणाला.

घरी जाऊन शिडीच्या गेल्या वर्षातल्या लढतींचे व्हिडिओ शोधले. पाच मिळाले. फोटोच्या आधीच्या दोन लढतींत ती निवांत होती. कोणी धरले की धरणारीच्याच अंगावर भार टाकून उलट विश्रांती घ्यायची. नंतरच्या तीन लढतींत प्रत्येक वेळी कोणी जवळ आले की ती दोन्ही तळवे पुढे करून ढकलायची. ढकलताना दोन्ही हात छातीपर्यंत खाली येतात. तेवढा वेळ हनुवटी उघडी. मी तो भाग थांबवून थांबवून पाहिला. बत्तीस वेळा ढकलले, बत्तीसही वेळा हात खाली. तीन नमुने म्हणजे काही फार नव्हे, पण अपवाद एकही नव्हता.

ताई स्वयंपाकघरात ओट्याला टेकून उभी होती. वजनात बसायचे म्हणून तिच्या ताटात उकडलेले काहीतरी होते आणि आई तिच्यासमोर बसून मुद्दाम नीट जेवत होती.

"हे बघ," मी फोन तिच्यासमोर धरला.

"परत चित्रं? फोडेन फोन."

"चित्रं नाहीत. शिडी आहे. तिलाही शिट्ट्या सहन होत नाहीत. तुझ्यापेक्षा वाईट. तुझे हात उचलत नाहीत, तिचे खाली जातात."

ताईने पाहिले. पुन्हा लावायला सांगितले. तिसऱ्यांदा पाहताना ती घास चावायची थांबली.

"आवाज नसताना?"

"आवाज नसलेली लढत मला मिळालीच नाही. तिन्हींत लोक शिट्ट्या मारतायत."

"त्या गटातले किती जण लढतीला येणार आहेत?"

"दहाबारा. मागे कुठेतरी बसतील."

"मागे नको." ताईने तोंड पुसले. "समोर बसव. सगळ्यांना बोलव. बॅनर आणा म्हणावं, शिट्ट्या आणा, काय ते पंख आणा. लिही, ताईला तुमची चित्रं आवडली."

"खोटं लिहू?"

"तू काय कोर्टात आहेस?"

"मला हे बरं वाटत नाही," मी म्हणाले. "ती दुसरी पोरगी पण..."

"तिनं माझा दात पाडला तेव्हा तुला बरं वाटलं होतं?"

"ए," आई म्हणाली, "त्या पोरीला इतकं काय झालंय चित्रांचं? तिचं नाक तर बरोबर काढलंय. हिचंच चुकवलंय मेल्यांनी."

"आई, तू जेव."

"जेवतेच आहे. तू बघ नुसती."

मी लिहिले. अर्ध्या तासात गट उजळून निघाला. इतके दिवस मला शिव्या घालणारे लोक मला 'बहिणाबाई' म्हणू लागले. निळ्या शाईने वेगळा निरोप पाठवला: "तुझ्या ताईनं समजून घेतलं, बरं वाटलं. त्या दिवशी जरा जास्तच बोलले. बोळे घेतलेत कानाला." मी तो निरोप ताईला दाखवला नाही.

लढतीच्या दिवशी सकाळी वजनकाट्याजवळ दोघी समोरासमोर आल्या. शिडी काट्यावरून उतरली आणि ताईच्या कानाशी वाकली. तिला बरेच वाकावे लागले.

"तुझ्या माणसांना सांग, ती घाण बंद करायला."

"माझी माणसं?" ताई म्हणाली. "मला वाटलं तुझीच. तूच सुंदर दिसतेस त्यात."

"आज तुझा दुसरा दात."

"घे की. जवळ तर ये."

मी तेव्हाच रिकाम्या हॉलचा आवाज मोजून घेतला. पंखे सुरू असताना एकसष्ट पूर्णांक नऊ डेसिबल.

दुपारी पहिल्या दोन रांगांत गटातली तेवीस माणसे बसली होती. बॅनरवर निळ्या शाईने काढलेली मिठी होती, माणसाच्या दुप्पट आकाराची. ती स्वतः मधोमध, गळ्यात शिट्टी, कानात पिवळे बोळे. मला पाहून तिने हात हलवला. मीही हलवला. ताई लाल कोपऱ्यात होती, शिडी निळ्या.

पहिल्या फेरीत ठरल्यातले काहीच झाले नाही. ताई आत शिरायची, मारायची, आणि धरायची वेळ आली की तिचे कोपर अंगाला चिकटायचे. बाहेर पडताना शिडीचा सरळ डावा तिला चार वेळा स्वच्छ बसला. क्लिंच शून्य. फेरी निळ्याची.

"काय गं," मास्तर तिच्या तोंडावर पाणी मारत म्हणाले, "एवढी वरात बोलावलीस आणि नवरी घरातच?"

ताईने माझ्याकडे पाहिले. मी मीटर धरून दोरीच्या खाली बसले होते.

"किती?" तिने विचारले.

"अठ्ठ्याहत्तर. अजून कोणी शिट्टी मारलीच नाहीये. तू धरल्याशिवाय ते मारणार नाहीत."

दुसऱ्या फेरीच्या सुरुवातीलाच तिने डोके खाली घातले, आत शिरली आणि शिडीचे दोन्ही दंड आवळले. समोरच्या दोन रांगा उभ्या राहिल्या. मीटरवरचा आकडा शंभराच्या वर गेला. माझ्या शेजारच्या वेळाधिकाऱ्याने कान झाकले. ताईच्या मानेवर काटा आलेला मला खालून दिसला, पण तिने सोडले नाही. उलट गाल शिडीच्या खांद्याला टेकवला आणि बॅनरकडे तोंड करून डोळे मिटले. हुबेहूब फोटोतल्यासारखे.

शिडी अंगावर पाल पडल्यासारखी आक्रसली. तिने दोन्ही तळव्यांनी ढकलले. हात छातीपर्यंत खाली आले, आणि ताईचा उजवा तिच्या हनुवटीवर बसला.

मग ते पुन्हा झाले. पुन्हा शिट्ट्या, पुन्हा ढकलणे, पुन्हा उजवा. चौथ्या वेळी शिडी रेफरीकडे वळून काहीतरी बोलू लागली. रेफरीने तिला खेळायची खूण केली. ताई आत शिरताना तिला काहीतरी म्हणालीसुद्धा. काय ते मला ऐकू आले नाही, पण शिडीचे ओठ थरथरले. दुसरी फेरी लालची.

तिसऱ्या फेरीत जास्त धरल्याबद्दल रेफरीने ताईचा एक गुण कापला. तरी ती थांबली नाही. शिडीला आता ताई जवळ आली की आधीच ढकलायची घाई झाली होती. हात हवेत खाली जायचे आणि समोर कोणी नसायचेच. तिच्या नाकातून रक्त येत होते. शेवटच्या मिनिटाला ताईने तिला आमच्या बाजूच्या दोरीवर नेऊन धरले, बॅनरच्या अगदी समोर. शिडी रडत होती. बॉक्सर रडताना मी आधी पाहिले होते, पण ते घंटेनंतर. ताईने तिच्या खांद्यावरून पुढच्या रांगेकडे पाहिले आणि हसली. पडलेल्या दाताची जागा दिसली.

निळ्या शाईने शिट्टी तोंडातून काढली. तिने एका कानातला बोळा काढला, मग दुसरा. ती शिडीकडे पाहत होती, मग ताईकडे, मग माझ्याकडे. मी आकडा वाचण्यासाठी मान खाली घातली. मान वर केली तेव्हा निळी शाई बॅनरचे एक टोक खाली ओढत होती आणि दुसरे टोक धरलेला माणूस तिला विचारत होता, "काय झालं? काय झालं?" ती टोक सोडून खाली बसली. एकेक करून बाकीचेही बसले. मागच्या बाकांवरची उडाणटप्पू पोरे तेवढी अजून शिट्ट्या मारत होती. नंतर तीही थांबली.

घंटा वाजली. दोघी रेफरीच्या दोन बाजूंना उभ्या राहिल्या. शिडीने आपला हात त्याच्या हातात द्यायला वेळ लावला.

पाच पंचांत लाल तीन, निळा दोन. तिसऱ्या फेरीत क्लिंच अकरा. कमाल आवाज एकशे तीन पूर्णांक सहा डेसिबल. ताईचा हात वर गेला तेव्हा, सकाळच्या रिकाम्या हॉलसारखेच पंखे सुरू असताना, चौसष्ट पूर्णांक दोन.